पोलंडबद्दल एक अक्षर नको

टाळेबंदीने लावलेल्या बहुतेक सवयी सुटल्या. भाजी साबणाच्या पाण्याने धुणं सुटलं, दारातली सॅनिटायझरची बाटली गेली, घरच्या घरी पाव भाजण्याचा उत्साह तर दुसऱ्याच आठवड्यात ओसरला. मल्याळम सिनेमा मात्र मुक्कामाला राहिला. ज्या घरांत सोलापूरच्या खाली उतरलं की सगळे ‘मद्राशी’ असत, त्या घरांत आता फहद फासिलच्या डोळ्यांवर चर्चा झडतात. आमच्या इमारतीतले एक निवृत्त बँक अधिकारी लिफ्टमध्ये भेटले की नमस्काराच्या आधी ‘तो साखळी गिळणाऱ्या चोराचा पाहिलात का?’ असं विचारतात, आणि चुकून ‘नाही’ म्हटलं तर चौथ्या मजल्यापर्यंत सगळी गोष्ट सांगून मोकळे होतात. पडद्याखालची अक्षरं वाचायची असल्याने जेवताना ताटाकडे बघता येत नाही आणि भाताच्या जागी लोणच्याचा घास तोंडात जातो, एवढीच या छंदाबद्दल तक्रार.

त्यात एवढं असतं तरी काय, असं विचारणाऱ्याला मी ‘महेशिन्टे प्रतिकारम’ची गोष्ट सांगतो. २०१६ सालचा, दिलीश पोत्तन यांचा सिनेमा. इडुक्की जिल्ह्याच्या डोंगरात प्रकाश नावाचं गाव आहे, खरोखरचं. तिथे महेशचा फोटो स्टुडिओ. पासपोर्ट साइझ फोटो काढायचे आणि लग्नाकार्याला, मयताला कॅमेरा घेऊन हजर राहायचं, हा धंदा. एक दिवस तो दुसऱ्याच्या भांडणात मध्ये पडतो आणि भर बाजारात, ओळखीच्या सगळ्या डोळ्यांदेखत, मार खातो. मग शपथ घेतो: या माणसाला झोडपल्याशिवाय पायात चप्पल घालणार नाही. द्रौपदीने केस मोकळे सोडले, चाणक्याने शेंडी सोडली, महेशने चप्पल सोडली. इथवर सगळं परंपरेला धरून आहे. आता नायक तालीम करणार, पार्श्वसंगीत वाजणार, धूळ उडणार, असं म्हणून आपण सरसावून बसावं, तर बातमी येते की मारणारा इसम नोकरीसाठी दुबईला निघून गेला. झालं! सूड लांबणीवर पडला. शत्रू रजेवर येईपर्यंत नायकाने अनवाणी हिंडायचं, गिऱ्हाइकांचे फोटो काढायचे, हातची मुलगी दुसऱ्याला दिली जाते ते बघायचं. पुढे प्रेमात पडतो तर ती मुलगी निघते त्याच शत्रूची बहीण. केरळात सूडालासुद्धा आखाती देशांचं वेळापत्रक सांभाळावं लागतं, आणि हे दिग्दर्शक असं दाखवतो की त्यात काही गंमत आहे हे त्याच्या गावीही नसावं.

माझ्या मते मल्याळम सिनेमाची खरी ताकद इथे आहे. त्यातल्या माणसाला पत्ता असतो. हिंदीतला नायक ‘शहरात’ राहतो. त्याचा जिल्हा कोणता, बापाचा धंदा काय, सोसायटीचं कर्ज किती फिटलं, हे विचारायची सोय नसते. मल्याळम सिनेमात हे आधी कळतं आणि प्रेम, खून वगैरे नंतर होतं. लिजो जोस पेल्लिशेरी अंगमालीवर ‘अंगमाली डायरीज’ काढतो तेव्हा ८६ नवे चेहरे घेतो आणि त्यांच्यासोबत गावातला डुकराच्या मटणाचा सगळा व्यापारउदीम पडद्यावर आणतो. चेल्लानमच्या किनाऱ्यावरच्या ख्रिस्ती कोळ्याने बापाला थाटामाटाची अंत्ययात्रा कबूल केलेली असते. मुसळधार पाऊस, नडणारा पाद्री आणि रिकामा खिसा यांनी त्या वचनाचे धिंडवडे निघतात, तो ‘ई.म.यौ.’. मलप्पुरममध्ये सात-सात जणांच्या फुटबॉलचं वेड. तिथे खेळायला आलेला नायजेरियन पोरगा पाय मोडून बसतो आणि व्यवस्थापकाच्या घरात दोन म्हाताऱ्या भाषेचं एक अक्षर कळत नसताना त्याला भरवतात, पुसतात, पोटच्या पोरासारखा वागवतात. ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’ नाव वाचून तो सुदानचा की नायजेरियाचा, असा प्रश्न पडतो. सोपं आहे. गावाने एकदा ‘सुडानी’ म्हटलं की तो सुडानी. आपल्याकडे नाही का, कुठल्याही उत्तरेकडच्या माणसाला ‘भय्या’ म्हणून मोकळे होत!

बोलीचंही तसंच. त्रिशूरचा माणूस त्रिशूरचं बोलतो, कासरगोडचा कासरगोडचं, आणि खुद्द केरळातल्या प्रेक्षकांनाही कधीकधी कान टवकारावे लागतात. आपल्या सिनेमात वऱ्हाडी, मालवणी कित्येक वर्षं हशा पिकवायला येत असे. रडायची वेळ आली की पात्रं पुण्याचं बोलायला लागत. नागराज मंजुळेंनी ती खोड बरीचशी मोडली. केरळातही तिरुवनंतपुरमची बोली हसवण्यासाठीच आहे असा समज होताच. सुराज वेंजारमूड हा नट त्याच बोलीवर विनोदवीर म्हणून नावारूपाला आला. पुढे त्यानेच ‘द ग्रेट इंडियन किचन’मधला असा नवरा उभा केला की त्याच्याकडे बघून कुणाला हसू येत नाही. त्या नवऱ्याकडे येऊच, आधी कपड्यांचं बघू.

मुंडू. कमरेला गुंडाळायचं ते पांढरं, काठाचं वस्त्र. पायघोळ सोडलेलं असेल तर माणूस देवळात, कचेरीत किंवा सासऱ्यासमोर आहे असं समजावं. तेच मधोमध वर उचलून, दुमडून गुडघ्याच्या वर खोचलं की माणूस कामाला, भांडणाला नाहीतर नुसताच चहाला निघालाय. समोरून एखादे मास्तर किंवा वडीलधारं कुणी आलं की हात आपोआप कमरेशी जातो आणि दुमडलेलं टोक खाली सुटतं. तोंडाने काही बोलायची गरज नाही, नमस्कार पोचला. आणि जो ते मुद्दाम खोचलेलंच ठेवतो त्याने भांडण पुकारलं. मल्याळम सिनेमातल्या निम्म्या मारामाऱ्यांची सुरुवात माणसं तोंड उघडण्याआधी, या चार बोटांच्या हालचालीत होते. १९९५ च्या ‘स्फटिकम’मधला मोहनलाल त्याही पुढे जातो. बाप गणिताचा कडक मास्तर. आकड्यांच्या धाकाखाली पोरगा बिघडलेला. हा पोरगा, म्हणजे आडू तोमा, मारामारीत स्वतःचा मुंडूच फेडून प्रतिस्पर्ध्याच्या तोंडावर फेकतो. लाज हेच हत्यार. बापाच्या पिढीने जे टोक आदराने खाली सोडायला शिकवलं, ते लेकाने पार सोडूनच दिलं. समाजशास्त्रज्ञांनी यावर प्रबंध लिहावा. प्रेक्षकांनी तेव्हा शिट्ट्या मारल्या, तेही योग्यच.

आखाताचा विषय सुरू झाला की केरळात कुठल्याही घरात कुणाचा तरी फोन येतो, तसाच तो सिनेमातही येतो. १९८७ चा ‘नाडोडिक्काट्ट्’ मला या सगळ्यांत लाडका. सत्यन अंतिक्काड दिग्दर्शक, लेखन श्रीनिवासन यांचं. दासन आणि विजयन हे दोन बेकार. दासन पदवीधर, त्यामुळे विजयनपेक्षा हुशार असल्याचा त्याचा समज, आणि उपाशीपोटीही तो समज ढळत नाही. नोकरी जाते, मग बँकेचं कर्ज काढून गाई घेतात. गाई दूध द्यायला तयार नाहीत. कर्ज मात्र फेडून घ्यायला तयार. शेवटी गफूर नावाचा एक सद्गृहस्थ दोघांना पडावातून दुबईला नेतो, किनाऱ्यावर उतरताना पकडले जाऊ नये म्हणून अरबांचे पायघोळ झगे घालायला लावतो, आणि पहाटे किनाऱ्यावर सोडून देतो. दोघे झगे सावरत वाळू तुडवत दुबई शोधायला निघतात. पाट्यांवर तमिळ! गफूरने त्यांना मद्रासच्या चौपाटीवर उतरवलेलं असतं. पदवी आहे, नोकरी नाही, आणि सगळं सुख समुद्रापलीकडे आहे असं गावाने पोरांच्या मनावर बिंबवलेलं. त्या काळच्या केरळावर कुठल्या अर्थशास्त्रज्ञाने याहून नेमकं काही लिहिलं असेल, असं मला वाटत नाही. या गफूरचं काम मामुक्कोयाने केलं आणि तेवढ्याशा भूमिकेवर तो अजरामर झाला.

अंतिक्काड-श्रीनिवासन या जोडगोळीनेच दोन वर्षांनी ‘वरवेल्पु’ काढला. आखातातून चार पैसे गाठीला बांधून परतलेला मुरली घरी येतो. पेटी उघडेपर्यंत नातेवाईक गोड असतात. मुरली बस विकत घेतो, तिला ‘गल्फ मोटर्स’ नाव देतो, आणि मग चालक, वाहक, युनियन, सरकारी साहेब असे एकेक मिळून त्याला अशा वळणावर आणतात की तो परत आखाताची वाट धरतो. २००३ साली कोचीत गुंतवणूकदारांची मोठी परिषद भरली होती. तिथे पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयींनी भाषणात या सिनेमाचा दाखला दिला. एका राज्यात उद्योग का येत नाहीत हे सांगायला देशाच्या पंतप्रधानाने विनोदी सिनेमाचा आधार घ्यावा, हा त्या सिनेमाचा गौरव, आणि राज्याचा अर्थातच नाही. पण ती गोष्ट केरळी माणसानेच लिहिली होती, केरळी माणसांनीच पैसे मोजून पाहिली होती आणि स्वतःच्याच युनियनवर पोट धरून हसून घेतलं होतं, हे त्यात विसरू नये. आखाती आयुष्याची काळी बाजूही त्यांनी झाकली नाही. बेन्यामिन यांच्या कादंबरीवरचा, वाळवंटात शेळ्यांमागे गुलामासारखा राबलेल्या माणसाचा ‘आडुजीवितम’ २०२४ मध्ये आला, तो पाहून मात्र कुणी हसलं नाही.

आता पोलंड. १९९१ चा ‘संदेशम’. पुन्हा सत्यन अंतिक्काड, पुन्हा श्रीनिवासन. रेल्वेतून निवृत्त झालेला बाप उर्वरित आयुष्य सुखाने काढायला परगावाहून आपल्या घरी येतो. घरात दोन तरणेबांड मुलगे. थोरला डाव्या पक्षाचा, धाकटा त्याच्या विरुद्ध पक्षाचा. दोघेही पूर्णवेळ देशाची सेवा करत असल्यामुळे घरची सेवा करायला दोघांनाही वेळ नाही, आणि मिळकतीचा तर प्रश्नच येत नाही. एकाच स्वयंपाकघरात जेवून दोघे एकमेकांना जाहीर सभेत पाडायला जातात. अशाच एका घरगुती जुगलबंदीत धाकटा पूर्व युरोपात कम्युनिस्टांची सत्ता कशी गडगडली ते काढतो, पोलंडचं नाव घेतो, आणि थोरला तडकतो: पोलंडबद्दल एक अक्षर बोलायचं नाही! या घरातलं कुणी पोलंडला गेलेलं नाही. पोलंडची एक इंच जमीन कुणाच्या नावावर नाही. घरात निवृत्त बापाची पुंजी सरत चालली आहे, बहिणीचा संसार धड नाही, आणि भावाच्या काळजाला घाव बसतो तो वॉर्सात. आजही केरळात वाद हातघाईवर आला की कुणीतरी हे वाक्य टाकतं. मग वाद एक तर तिथेच विरतो, नाहीतर पोलंडवरून नव्याने सुरू होतो.

त्याच सिनेमात निवडणूक हरल्यावर डाव्या पक्षाची चिंतन बैठक भरते. एक बुजुर्ग पुढारी पराभवाचं तात्त्विक विवेचन करतात. प्रतिगामी शक्ती, अंतर्विरोध, वर्गीय जाणीव असलं सगळं येतं. एक साधा कार्यकर्ता भाबडेपणाने विचारतो, की आपण का हरलो ते सोप्या भाषेत सांगता येईल का? त्यावर त्या बिचाऱ्याची जी हजेरी घेतली जाते ती बघताना मला पक्षांच्याच नव्हे, साहित्य संस्थांच्या आणि हाउसिंग सोसायटीच्याही अनेक सभा आठवल्या. दुसऱ्या पक्षालाही सोडलेलं नाही. त्यांचा हिंदी बोलणारा अखिल भारतीय नेता दौऱ्यावर येतो आणि त्याला हवं असतं शहाळ्याचं पाणी; कार्यकर्त्यांची त्या ‘नारियल का पानी’पायी जी तारांबळ उडते, तिला महाराष्ट्रातला कुठलाही कार्यकर्ता ‘अगदी अगदी’ म्हणेल. दिल्लीहून येणाऱ्या पाहुण्याला काय लागतं ते आपल्याकडेही शासकीय विश्रामगृहाच्या खानसाम्याला आधी कळवावं लागतंच.

या सिनेमावर केरळात टीकाही पुष्कळ झाली, अजून होते. राजकारण म्हणजे रिकामटेकड्यांचा उद्योग, पोरांनी त्यात पडू नये, हा मध्यमवर्गीय उपदेश त्यात आहे, असं नव्या पिढीतले लेखक म्हणतात. मला त्यांचं पटतं. १९५७ साली मतपेटीतून कम्युनिस्ट सरकार आणणाऱ्या राज्यात, शेतमजुराला ताठ मानेने मजुरी मागायला शिकवणाऱ्या राजकारणाची अशी चेष्टा एकांगीच आहे. पण गंमत अशी, की जे टीका करतात त्यांनाही सगळे संवाद तोंडपाठ असतात. १९८० नंतर २०२१ पर्यंत केरळात दर निवडणुकीला सत्तापालट ठरलेला. पाच वर्षं एक भाऊ सत्तेत, दुसरा बंदच्या तयारीत. अशा घरात असा सिनेमा चालणारच. आपणही १९७९ साली ‘सिंहासन’ काढला होता, पण तो मंत्रालयातला. स्वतःच्या ओसरीवरच्या दोन भावांवर असं मनसोक्त हसणं आपल्याला जमलेलं नाही. जमलं असतं तर घरोघरच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर ‘इथे राजकारण नको’ अशी सूचना पिन करून ठेवावी लागली नसती.

हे केरळी माणसांना कुठून येतं? पावसातून येतं असं काही जण म्हणतात. तसं असतं तर चिपळूणलाही आलं असतं. मला वाटतं ते वाचनालयातून आलं. गावोगाव वाचनालयं, चहाच्या दुकानात मोठ्याने वाचलं जाणारं वर्तमानपत्र, आणि लेखकांनी सिनेमाला कमी न लेखणं. तकळी यांच्या ‘चेम्मीन’ कादंबरीवर रामू करिआट यांनी १९६५ साली कोळ्यांचा सिनेमा काढला तेव्हा संगीत बंगालच्या सलील चौधरींचं आणि संकलन हृषीकेश मुखर्जींचं होतं. मासे तेवढे केरळचे. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवणारा तो दक्षिणेतला पहिला सिनेमा. एम. टी. वासुदेवन नायर हे थोर कथाकार, पण पटकथा लिहिताना त्यांना कमीपणा वाटला नाही. दिग्दर्शनातही ते उतरले आणि १९७३ च्या ‘निर्माल्यम’मध्ये उभं आयुष्य देवीच्या सेवेत झिजवलेला देवऋषी अखेरीस मूर्तीवर थुंकतो, असा शेवट त्यांनी केला. आज असा प्रसंग चित्रित करता येईल का, ही चर्चा केरळात अजून चालते. चालते याचा अर्थच उत्तर अवघड आहे.

आणि थोडंसं श्रेय पुण्यालाही जातं. कुठल्याही गोष्टीचं थोडंसं श्रेय पुण्याला गेल्याशिवाय पुणेकराला झोप लागत नाही, पण इथे ते खरं आहे. प्रभात कंपनी बंद पडल्यावर तिच्या जागेत १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली आणि तिथे केरळातून एकामागून एक पोरं आली. अडूर गोपालकृष्णन, जॉन अब्राहम, के. जी. जॉर्ज. अडूर इथून बाहेर पडले आणि १९६५ साली तिरुवनंतपुरमला त्यांनी मित्रांसोबत ‘चित्रलेखा’ ही फिल्म सोसायटी काढली. तिचं लोण राज्यभर पसरलं. जिथे ‘संत तुकाराम’ घडला, त्या आवारात शिकलेल्या अडूरनी ‘एलिप्पत्तायम’मध्ये पडक्या वाड्यातला, उंदराच्या पिंजऱ्यात सापडल्यासारखा जमीनदार दाखवला. त्याला स्वतःचं पाणीसुद्धा घेता येत नाही, सगळं बहिणींनी करायचं. जॉन अब्राहम हे तर वेगळंच प्रकरण. त्यांनी आणि मित्रांनी गावोगाव सिनेमे दाखवत लोकांकडून पैसे जमवले आणि त्यातून ‘अम्मा अरियान’ केला. ज्या राज्यात प्रेक्षक निर्माता होतो, तिथे तो नंतर दिग्दर्शकाला मोलाचा सल्ला देतो, हेही आलंच.

त्या जमीनदाराचा नातू २०२१ मध्ये भेटतो. जिओ बेबी यांच्या ‘द ग्रेट इंडियन किचन’मधला नवरा शाळेत पोरींना कुटुंबसंस्था शिकवतो, सकाळी योगासनं करतो, बोलतो मऊ. सासरे त्याहून मऊ. भात चुलीवरचा हवा, कपडे यंत्रात धुवायचे नाहीत, चटणी पाट्यावरची, आणि सकाळी दात घासायचा ब्रश बायकोने हातात आणून द्यायचा. कुणी आरडाओरडा करत नाही. फक्त जेवून उठताना चघळलेल्या शेवग्याच्या शेंगांचा चोथा ताटाशेजारी टेबलावर तसाच ठेवून जातात. कॅमेरा त्या चोथ्यावर थांबतो. पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच, आहे तो चिरण्याचा, फोडणीचा, भांडी घासण्याचा आवाज. सिंकखालचा पाइप गळतो. प्लंबर बोलावा म्हणून ती सांगते, तो विसरतो, ती पुन्हा सांगते, तो पुन्हा विसरतो. घाण पाणी बादलीत साठत राहतं. ते शेवटी कुठे जातं ते इथे सांगत नाही. बरं, हा सिनेमा १५ जानेवारीला लागला, म्हणजे आपल्याकडे तिळगूळ वाटून झाल्याच्या दुसऱ्या दिवशी. पुढे तो महाराष्ट्रात पोचला तेव्हा पाहून झाल्यावर अनेक घरांत पुरुषांनी आपापलं ताट सिंकपर्यंत नेलं, असं ऐकिवात आहे. किती दिवस नेलं, ते ऐकिवात नाही.

याच घराण्यातला आणखी एक पुरुष ‘कुंबळंगी नाइट्स’मध्ये आहे. शम्मी. बायकोच्या माहेरी राहणारा जावई. पहिल्यांदा दिसतो तेव्हा न्हाणीघराच्या आरशावर बाईने चिकटवलेली टिकली तो ब्लेडने खरवडून काढत असतो, मग मिशीवरून हात फिरवून स्वतःवर खूश होतो. झालं, माणूस कळला. आणि २०२३ मध्ये, वयाच्या बहात्तराव्या वर्षी, ममूटीने ‘कादल – द कोअर’मध्ये पंचायतीच्या पोटनिवडणुकीला उभ्या राहिलेल्या अशा संसारी गृहस्थाची भूमिका केली, की जो समलिंगी आहे म्हणून बायको घटस्फोट मागते. पैसेही त्यानेच घातले. बहात्तराव्या वर्षी आपल्या हिंदी महानायकांनी काय केलं असतं, याचा विचार करून मी गप्प बसतो.

इतकं गुणगान झाल्यावर दुसरी बाजूही सांगायला हवी. मल्याळम सिनेमा म्हणजे लग्नघरातली ती आत्या: सगळ्यांची उणीदुणी चारचौघांत काढते आणि पंगतीत वाढतेही तीच, फक्त तिच्या स्वतःच्या खोलीची किल्ली ती कुणाला देत नाही. पहिला मल्याळम सिनेमा, ‘विगतकुमारन’, जे. सी. डॅनियल यांनी काढला. १९२८ की १९३०, यावर अभ्यासकांत वाद आहे. त्यात पी. के. रोझी या दलित तरुणीने नायर घराण्यातल्या स्त्रीचं काम केलं. उच्चवर्णीय प्रेक्षकांना ते सोसलं नाही. पडद्यावर दगड पडले आणि रोझीला गाव सोडून पळून जावं लागलं. पहिली नायिका अशी गेली. डॅनियल कंगाल झाले. आज केरळ सरकारचा सिनेमातला सर्वोच्च पुरस्कार त्यांच्या नावाने दिला जातो. रोझीची आठवण ठेवून फिल्म सोसायटी काढली ती २०१९ मध्ये, सिनेमात काम करणाऱ्या स्त्रियांच्या संघटनेने. याच स्त्रियांच्या रेट्यामुळे सरकारने २०१७ मध्ये न्यायमूर्ती हेमा यांची समिती नेमली होती. तिने डिसेंबर २०१९ मध्ये अहवाल दिला. तो लोकांपुढे आला १९ ऑगस्ट २०२४ ला, तोही काटछाट करून. शेवग्याच्या चोथ्यावर कॅमेरा रोखणाऱ्या धंद्याला स्वतःच्या सेटवरच्या बायकांचं गाऱ्हाणं वाचायला जवळपास पाच वर्षं लागली. यात विनोद नाही.

केरळाबाहेर गेला की हा सिनेमा आपला पत्ता बदलतो आणि तेव्हा मजा येते. ‘दृश्यम’ २०१३ चा. राजाक्काडचा जॉर्जकुट्टी, चौथी नापास, केबल टीव्हीचा धंदा. कुटुंबाला वाचवायला पोलिसांना गोष्ट रचून सांगतो की आम्ही त्या दिवशी तोडुपुळाला ख्रिस्ती प्रवचनाला गेलो होतो. आपल्या निशिकांत कामतने २०१५ मध्ये तो हिंदीत केला तेव्हा जॉर्जकुट्टीचा विजय साळगावकर झाला, इडुक्कीचं गोवा झालं, आणि प्रवचनाच्या जागी पणजीचा सत्संग आला. जोडीला पावभाजी. ही पावभाजी मला कामतच्या मराठीपणाची सही वाटते. खुनावर पांघरूण घालतानाही घरच्यांना काहीतरी चटकदार खाऊ घातलं पाहिजे, हे डोंबिवली ओळखणाऱ्यालाच सुचणार. पण एक गोष्ट गळाली. मूळ सिनेमात रबराच्या पट्ट्यातला, चर्चला जाणारा, सिनेमे पाहून शहाणा झालेला छोटा बागायतदार दिसतो. हिंदीत फक्त हुशार बाप उरला.

आणि भावना दुखावण्याच्या बाबतीत आता केरळही बाकीच्या देशाच्या पंगतीला बसू लागला आहे. २०२५ मध्ये ‘एम्पुरान’च्या निर्मात्यांनी प्रदर्शनानंतर काही दिवसांतच स्वतःहून प्रसंग कापले. त्याच वर्षी एका सिनेमातल्या ‘जानकी’ या नावावर परीक्षण मंडळाने हरकत घेतली. प्रकरण कोर्टात गेलं आणि नावापुढे एक ‘व्ही’ जोडल्यावर मिटलं. पण आधीच्या खोडी जात नाहीत. २०२२ च्या ‘न्ना तान केस कोड्’मध्ये एका भुरट्या चोराला आमदाराच्या घरचे कुत्रे चावतात. तो कोर्टात सांगतो की मी चोरीला नव्हतो गेलो, अंगावर येणारी रिक्षा चुकवायला भिंतीवरून उडी मारली. रिक्षा अंगावर का आली? रस्त्यात खड्डा होता. खड्डा कुणाचा? सार्वजनिक बांधकाम मंत्र्यांचा! आणि तो मंत्र्यांवर खटला भरतो. प्रदर्शनाच्या दिवशी वर्तमानपत्रात जाहिरात आली: थिएटरच्या वाटेवर खड्डे आहेत, तरीही या. सत्ताधारी आघाडीचे समर्थक भडकले, बहिष्काराची हाक दिली, आणि परिणाम उलटा होऊन सिनेमा जोरात चालला. असा सिनेमा काढायला आपल्याकडे कच्च्या मालाची टंचाई नक्कीच नाही.

तेव्हा अजून सुरुवात केली नसेल तर ‘नाडोडिक्काट्ट्’पासून करा, पाठोपाठ ‘महेश’ पाहा. ‘किचन’ जेवताना लावू नका. आणि ‘संदेशम’ पाहायचा असेल तर निवडणुकीची आचारसंहिता लागण्याआधी पाहून घ्या. त्यानंतर घरातल्या दोन भावांना एका सोफ्यावर बसवण्याची जबाबदारी मी घेणार नाही.